ठाण्याच्या वाटेवरचा चुंबकाचा डोंगर

आमच्या लहानपणी डोंबिवलीत दर दुसऱ्या गल्लीत एखादी इमारत उभी राहत असायची आणि तिच्यासमोर रेतीचा ढीग पडलेला असायचा. रेती खाडीतली. मोठागाव, मुंब्रा, रेतीबंदर अशा नावांच्या जागांवरून ती ट्रकात ओलीच यायची, रस्ताभर पाणी गाळत. ढिगात शिंपल्या सापडायच्या, कधी खेकड्याची नांगी. फुटक्या स्पीकरमधलं लोहचुंबक सुतळीला बांधायचं आणि त्या ढिगातून ओढायचं, हा आमचा सुट्टीतला उद्योग. दोन फेऱ्यांत चुंबकाला काळी दाढी फुटायची. ती बोटांनी निरपून काडेपेटीत भरायची, कागदावर ओतायची आणि खालून चुंबक फिरवून नाचवायची. हे काळं काय आहे, असं मोठ्यांना विचारलं की उत्तर ठरलेलं असायचं : कचरा.

त्याच सुमारास अरबी गोष्टींचं एक फाटकं पुस्तक हाती लागलं. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी १८६० च्या दशकात ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी’ मराठीत आणायला घेतल्या, तेव्हापासून ही मंडळी आपल्या घरांत राहायलाच आलेली आहेत. त्यातल्या तिसऱ्या फकिराची गोष्ट मी चुंबक खिशात ठेवूनच वाचली असणार. तो मूळचा राजा. त्याचं जहाज वाट चुकतं. तांडेल डोलकाठीवर माणूस चढवतो, त्याला दूरवर काहीतरी काळं दिसतं आणि तांडेल डोक्यावरची पगडी फेकून देऊन रडायला लागतो. समोर चुंबकाचा डोंगर आहे. उद्यापर्यंत पाणी आपल्याला त्याच्याजवळ नेईल, मग जहाजातला खिळा न् खिळा उपसून डोंगराला जाऊन चिकटेल आणि फळ्या सुट्या होतील. होतंही तसंच. डोंगरावर पितळेचा घुमट, घुमटावर पितळी घोडेस्वार, त्याच्या छातीवर शिशाचा पत्रा. त्या स्वाराला बाण मारून पाडल्याशिवाय समुद्रावरचं हे संकट टळायचं नाही.

हा डोंगर कुठे असेल याचा विचार तेव्हा केला नव्हता. गोष्टीतल्या डोंगराला पत्ता नसतो, अशी समजूत होती. पत्ता आहे, आणि तो आमच्या घरापासून लोकलनं पाऊण तासाच्या आत येतो, हे कळायला चाळिशी उलटावी लागली.

चौदाव्या शतकात, १३५६ च्या सुमारास, स्वतःला सर जॉन मँडेव्हिल म्हणवणाऱ्या कुणीतरी फ्रेंच भाषेत एक प्रवासवर्णन लिहिलं. युरोपभर त्याच्या नकला झाल्या, भाषांतरं झाली, दीड-दोनशे वर्षं लोक त्यावर विश्वास ठेवून होते. इराणच्या आखातातल्या होर्मुझबद्दल लिहिताना तो सांगतो की इथल्या जहाजांना लोखंडाचा खिळा नसतो, पट्टी नसते, कारण या समुद्रात चुंबकाचे खडक जागोजागी आहेत आणि लोखंड घालून गेलेलं जहाज त्यांनी ओढलंच म्हणून समजा. मग तो त्या समुद्रातून पुढे जातो आणि ज्या गावाला उतरतो त्याचं नाव त्याच्या पुस्तकात ‘चाना’ असं बिघडून येतं. चाना म्हणजे ठाणं. होर्मुझहून ठाण्याला यायच्या वाटेवर तो डोंगर आहे!

याच मँडेव्हिलनं पुढे आणखी एक दृश्य रंगवलंय. समुद्रात दूरवर एक बेट दिसतं, झाडाझुडपांनी, काट्याकुट्यांनी गच्च भरलेलं. खलाशी सांगतात की हे बेट नाही. चुंबकानं ओढून आणलेली जहाजं इथे अडकली, कुजली आणि त्या कुजक्या लाकडावर हे रान माजलं. ही जागा मी पाहिलेली आहे. ठाण्याच्या खाडीत ओहोटीला जाऊन उभं राहा. तिवरांच्या गर्दीत एखादा टाकून दिलेला रेतीचा पडाव चिखलात कलता रुतलेला दिसतो, पत्रा गंजून पिठासारखा झालेला आणि पोटातून तिवराचं रोप वर आलेलं. मँडेव्हिल इथे आला होता असं मी म्हणत नाही. तो बहुधा कुठेच गेला नव्हता. दुसऱ्यांची पुस्तकं समोर ठेवून त्यानं आपलं पुस्तक शिवलं, असं अभ्यासक मानतात. शिवण इतकी बेमालूम की टाके दिसायला पाचशे वर्षं गेली.

ठाण्याचा मजकूर त्यानं ज्याच्याकडून उचलला तो माणूस मात्र ठाण्यात खरोखर येऊन गेला होता. त्याचं नाव ओदोरिक, इटलीतल्या पोर्देनोने गावचा फ्रान्सिस्कन साधू. तो १३२२ च्या आसपास होर्मुझला जहाजात बसला आणि २८ दिवसांनी ठाण्याला उतरला. या जहाजाबद्दल तो दोनच गोष्टी सांगतो : ते नुसत्या दोरीनं शिवलेलं होतं आणि शोधूनही मला त्यात कुठे लोखंड दिसलं नाही. कारण देत नाही. डोंगराचा उल्लेखसुद्धा नाही.

आता कुणी म्हणेल, साधू माणूस, पाहिलं तेवढंच बोलणारा असेल. तसं अजिबात नाही. ओदोरिक चमत्कार सांगायला कचरत नाही. ठाण्यात एप्रिल १३२१ मध्ये चार फ्रान्सिस्कन साधू मारले गेले होते. तोलेंतिनोचा थॉमस, पादुआचा जेम्स, सिएनाचा पीटर आणि तिबिलिसीचा दिमित्री. त्यांना जायचं होतं केरळात कोल्लमला. समुद्रानं आणून टाकलं ठाण्यात. ओदोरिकनं त्यांच्या अस्थी उकरून गाठोड्यात बांधल्या आणि तो पुढे चीनकडे निघाला. वाटेत वारा पडला. जहाजावरच्या हिंदूंनी आपल्या देवांची प्रार्थना केली, मुसलमानांनी आपल्या; पान हललं नाही. शेवटी यानं त्या गाठोड्यातलं एक हाड गुपचूप नाळेवरून पाण्यात टाकायला लावलं आणि वारा सुटला, असं तो छातीठोकपणे लिहितो. असा माणूस, २८ दिवस त्याच पाण्यावर होता. लोखंड ओढणाऱ्या डोंगराची नुसती कुजबुज जरी त्याच्या कानी आली असती तरी त्यानं ती सोडली नसती, असं मला वाटतं. जो आला त्याला डोंगर दिसला नाही. जो घरी बसून लिहीत होता त्यानं तो आणून ठेवला.

(ओदोरिकनं ठाण्याबद्दल लिहिलेलं आणखी एक वाक्य मला फार आवडतं. इथले उंदीर कुत्र्याएवढे असतात, त्यामुळे त्यांना कुत्रेच धरतात, मांजरांचा इथे काही उपयोग नाही. घुशींचा हा सातशे वर्षांपूर्वीचा पंचनामा आजही स्टेशन परिसरात फेरफटका मारून पडताळून पाहता येईल.)

मँडेव्हिलनं डोंगर शून्यातून उभा केला असंही नाही. तो आयताच पडलेला होता. दुसऱ्या शतकात टॉलेमीनं पूर्वेकडच्या समुद्रात मॅनिओलाई नावाची दहा बेटं नोंदवली आहेत; तिथे खिळ्यांची जहाजं अडकून पडतात म्हणे, म्हणून लोक लाकडी खुंट्या वापरतात. आपल्याकडे धारच्या भोजराजाच्या नावावर असलेल्या ‘युक्तिकल्पतरु’ या संस्कृत ग्रंथात समुद्रावर जाणाऱ्या नौकेला लोखंडी जोड देऊ नये असं बजावलंय, कारण पाण्यातले लोहकांत ते लोखंड हिरावून नेतात. राधाकुमुद मुखर्जींनी १९१२ साली भारतीय नौकानयनावरच्या पुस्तकात हा उतारा पुढे आणला. म्हणजे अरब, ग्रीक, फ्रेंच आणि आपले पंडित, सगळ्यांकडे एकच डोंगर. मधल्या काळात सहाव्या शतकातल्या प्रोकोपियस या बायझंटाइन इतिहासकाराला मात्र शंका आली होती. तो म्हणतो, रोमन जहाजांत लोखंड असतं आणि तीही तांबड्या समुद्रात जातात, त्यांना काही होत नाही, तेव्हा ही खडकांची बात खोटी. इथवर त्याचं डोकं वकिलासारखं चालतं. पण मग खरं कारण काय, तर हिंदी लोकांकडे लोखंडच नाही! ज्या देशातलं पोलाद तलवारींसाठी बाहेर जात होतं त्या देशाबद्दल हे.

या सगळ्यांनी एक गोष्ट केली नाही. ज्यानं होडी शिवली त्याला विचारलं नाही.

शिवलेली होडी कशी होते ते पाहू. आधी सांगाडा उभा करून त्यावर फळ्या ठोकायच्या, ही खिळ्याची पद्धत. शिवणकामात उलटं. तळाच्या लाकडापासून सुरुवात करून फळीच्या कडेला फळी अशी चढवत न्यायची की दोघींच्या मधून नख जाऊ नये. दोन्ही कडांना समोरासमोर भोकं पाडायची. सांध्यावर काथ्याची वळी ठेवायची आणि काथ्याची दोरी भोकांतून घालून, वळीवरून फुलीसारखी ओढत, टाका घट्ट करायचा. आत एक माणूस, बाहेर एक. दोरी दोघांच्या हातांतून सुईसारखी ये-जा करते. आडव्या वाकी मागाहून बसतात, त्याही बांधून. भोकं बुजवायची, राळ आणि तेल पाजायचं. आणि हे एकदाच करून भागत नाही. दोरी सैल झाली, झिजली की टाके उसवून होडी पुन्हा शिवायची. आपल्याकडे गोवा-कारवार पट्ट्यात रापणीच्या होड्या अशा काथ्यानं शिवलेल्या असत.

काथ्याचा गुण असा की खाऱ्या पाण्यात तो फुगतो आणि सांधा आणखी दाबून धरतो. गोड्या पाण्यात तो कुजतो, खाऱ्यात टिकतो. लोखंडाचं नेमकं उलट. कल्याणच्या खाडीवर एका वयस्क नाखवांशी बोलताना मी खिळ्यांचा विषय काढला. त्यांची होडी आता फायबरची आहे, पण लाकडी होड्यांत त्यांचं आयुष्य गेलं. मी म्हटलं, “काका, जुन्या लोकांची समजूत होती की समुद्रात चुंबकाचा डोंगर आहे, तो खिळे ओढून घेतो.” ते जाळ्यातून नजर न काढता म्हणाले, “वडायला डोंगर कशाला लागतो? खारं पानी खातं त्याला.” मग उठून त्यांनी किनाऱ्यावर पडलेल्या एका जुन्या मचव्याची फळी दाखवली. खिळ्याभोवतीचं लाकूड काळं पडून भुसभुशीत झालं होतं. भोक खिळ्याच्या दुप्पट. खिळा त्यांनी अंगठा आणि तर्जनीच्या चिमटीत धरून उपसला. जोरही लावला नाही.

जहाजातले खिळे आपोआप सुटून येतात आणि फळ्या मोकळ्या होतात, ही गोष्टीतली भयंकर घटना माझ्यासमोर दोन सेकंदांत घडली. फक्त घुमट आणि घोडेस्वार नव्हते.

शिवणीचं आणखी एक कारण इब्न बतूतानं दिलंय आणि ते एखाद्या खलाशाकडून ऐकल्यासारखं वाटतं : या समुद्रात खडक फार, खिळ्याचं जहाज खडकावर आदळलं की फुटतं, शिवलेलं जरा लवचीक राहतं. इथेही खडक आहेत बघा, पण ओढणारे नाहीत, आदळायचे. कोकणातल्या कुठल्याही बंदराच्या तोंडाशी ते असतातच. एकाच वस्तूची एक बातमी आणि एक गोष्ट झाली.

मग ठाण्याच्या वाटेवर जहाजं ओढणारं काही नव्हतंच का? होतं, आणि त्याचा साक्षीदार मँडेव्हिलपेक्षा बरा आहे. मार्को पोलोनं तेराव्या शतकाच्या अखेरीच्या ठाण्याचं वर्णन केलंय. कातडी, सुती कापड, मोठा व्यापार, स्वतःचा राजा. आणि समुद्रात चाचे. राजाचं चाच्यांशी संगनमत होतं. लूट चाच्यांची, पण सापडलेले घोडे सगळे राजाचे, असा करार. कारण राजाला घोडे हवेत आणि ते पलीकडून, होर्मुझकडूनच येतात. पोलोला हे राजाला न शोभणारं वाटलं. ज्या जहाजांनी हे घोडे येत त्यांचंही वर्णन तो करतो : नारळाच्या दोरीनं शिवलेली, माशाचं तेल पाजलेली, माल खाली, त्यावर कातडी, त्यावर घोडे. त्याच्या मते ती अगदी टुकार, आणि बुडतातही पुष्कळ.

कल्याणची कथा आणखी जुनी. पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक दर्यावर्दी वाटाड्या पुस्तकात कल्याणच्या बंदराबद्दल इशारा आहे. पूर्वी हे रीतसर बंदर होतं, आता इथला व्यापार अडवला जातो आणि चुकून एखादं ग्रीक जहाज इथे लागलं तर त्यावर पहारा बसवून ते भडोचला नेतात. सातवाहन आणि क्षत्रपांच्या भांडणात बंदर सापडलं होतं. बाकी काही असो, जहाज आपल्या मर्जीविरुद्ध भलत्या किनाऱ्याला ओढलं जाणं, हा प्रकार इथे कागदोपत्री आहे. ओढणारे सरकारी होते.

पुढे ठाणं शिलाहारांची राजधानी झालं, श्रीस्थानक. शके १०१६ चा, म्हणजे १०९४-९५ चा, अनंतदेवाचा खारेपाटणला सापडलेला ताम्रपट पाहा. त्यात राजा दोन श्रेष्ठी बंधूंच्या जहाजांना जकात माफ करतो आणि बंदरांची नावं देतो : स्थानक, नागपूर, शूर्पारक, चेमुली. ठाणे, सोपारा, चौल ही त्यातली ओळखीची. ताम्रपटावर कोरून ठेवण्याइतकी ही माफी मोठी होती, यावरून बाकीच्यांकडून काय घेतलं जात असेल याचा अंदाज बांधावा.

ठाण्यावर समुद्रातून झालेली सगळ्यात जुनी अरब स्वारी इ.स. ६३६ च्या सुमाराची. बलाधुरी हा इतिहासकार सांगतो की ओमानच्या सुभेदारानं परस्पर आरमार धाडलं, ते सुखरूप परतलंही, पण खलीफा उमर संतापला. तू लाकडाच्या ढलपीवर किडा बसवून सोडलास, अशा अर्थाचं त्यानं सुनावलं. माणसं बुडाली असती तर तेवढीच तुझ्या टोळीतून वसूल केली असती. वाळवंटातल्या माणसाला समुद्र कसा दिसतो ते या एका उपमेत आलंय. ती ढलपी कशानं जोडली होती हे बलाधुरी सांगत नाही, पण त्या किनाऱ्यावर तेव्हा शिवलेल्या जहाजांचाच जमाना होता.

खिळ्यांचं राज्य आपल्या पाण्यात पक्कं झालं ते पोर्तुगीजांनंतर. ऑक्टोबर १६५७ मध्ये शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि खाडीत जहाजं बांधायला काढली. रुई लैतांव व्हिएगस हा पोर्तुगीज आणि त्याची माणसं या कामावर होती. वसईच्या कप्तानानं कान भरल्यावर ती काम टाकून पळाली. काम थांबलं नाही. आज कल्याणच्या दुर्गाडी किल्ल्याच्या पायथ्याशी नौदलातून निवृत्त झालेली ‘टी-८०’ ही वेगवान युद्धनौका आणून ठेवली आहे. तिच्यासमोर फोटो काढायला गर्दी असते. कल्याणच्या खाडीतून समुद्रावर गेलेल्या पहिल्या हजार-दीड हजार वर्षांच्या जहाजांचा एक टाकासुद्धा कुठल्या काचेच्या पेटीत नाही, ही तक्रार मी कुणाकडे करू? काथ्या उरत नाही.

अगदी नाही म्हणायला परवा-परवा एक शिवलेलं जहाज पाण्यात उतरलं. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात भिंतीवर एक जहाज रंगवलेलं आहे, पाचव्या शतकातलं. त्या चित्रावरून, दुसरा कुठला आराखडा हाती नसताना, गोव्यातल्या होडी इनोव्हेशन्सच्या गोदीत केरळच्या कारागिरांनी काथ्यानं जहाज शिवलं. मे २०२५ मध्ये कारवारला ते नौदलात दाखल झालं, ‘कौंडिण्य’ या नावानं. २९ डिसेंबर २०२५ रोजी ते पोरबंदरहून मस्कतकडे निघालं, म्हणजे ओदोरिकच्या वाटेवर जवळजवळ उलट दिशेनं. त्याआधी १९८० साली टिम सेव्हरिन या ब्रिटिश साहसवीरानं ओमानमध्ये ‘सोहार’ हे असंच जहाज बांधून घेतलं होतं. लाकूड आणि काथ्या भारताचा, शिवणारे हात लक्षद्वीपचे. ते थेट चीनला पोचलं. सिंदबादच्या नावानं निघालेल्या त्या सफरीतही चुंबकाचा डोंगर लागला नाही.

पण डोंगर आहे. तो मला भूगर्भशास्त्रानं दाखवला.

ठाण्याहून दिव्याकडे जाताना लोकल ज्या पारसिकला वळसा घालते, तो डोंगर काळ्या बसाल्टचा. पलीकडचं येऊर, हाजीमलंग, माथेरान, सगळा सह्याद्री त्याच लाव्ह्याचा, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. या दगडात मॅग्नेटाइटचे कण असतात. लाव्हा थंड होताना ते त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राप्रमाणे वळतात आणि दगड थिजला की तसेच राहतात. १९५० च्या दशकात ब्रिटिश शास्त्रज्ञांनी दख्खनच्या दगडाचे नमुने नेऊन मोजले. कणांचा कल इतका तिरका निघाला की हा दगड आज आहे त्या अक्षांशावर थिजलेलाच नव्हता. तो विषुववृत्ताच्या बराच दक्षिणेला थिजला होता. भारत सरकत सरकत उत्तरेला आलाय, याच्या पहिल्या भक्कम पुराव्यांत हा आपला दगड आहे. त्यातही बहुतेक थरांची दिशा आजच्या उलट, कारण तेव्हा पृथ्वीचे चुंबकीय ध्रुवच उलटे होते. पारसिकच्या डोंगरानं एक खिळासुद्धा कधी ओढला नसेल. पण ठाणं कुठून आलं, हे त्याला ओदोरिकपेक्षा जास्त माहीत आहे.

सह्याद्री झिजतो, उल्हास आणि काळू ते कण वाहून आणतात, कल्याणहून पुढे खाडीच्या तळाशी टाकतात. डुबी मारून घमेल्यानं ती रेती वर काढायची, पडावात भरायची, बंदराला लावायची. आमच्या काडेपेटीतला तो ‘कचरा’ या वाटेनं आला होता.

गेल्या दिवाळीत भाचीला चुंबकाची गंमत दाखवावी म्हणून शेजारच्या बांधकामावर गेलो. आता चाळीस मजले. रेतीचा ढीग होता, पण करडा, कोरडा, धारदार. शिंपली एकही नाही. मुकादमानं सांगितलं, “खाडीची कुठली दादा, क्रश सँड आहे. खदानीतली.” खाडीची रेती उपशापायी संपत आली, बंदी आली, चोऱ्या झाल्या, आता डोंगरच फोडून, दळून, चाळून आणतात. भाचीनं चुंबक त्या करड्या भुकटीत फिरवलं आणि वर उचललं.

“मामा, दाढी!” ती म्हणाली.